भाराभर चिंध्या आणि जेरी ऑर्बाक

ठाण्याहून आलेलं पत्र चार पानांचं आहे, तेव्हा गाभा तेवढा देते.

"मावशी, वय ४२. रंगभूमीवर सतरा वर्षं झाली आणि मी नक्की कसला नट आहे ते मलाच सांगता येत नाही. सुरुवात प्रायोगिकमध्ये. गळा बरा म्हणून संगीत नाटकांत उभा राहिलो. मे महिन्यात बालनाट्यात राक्षस. व्यावसायिकला दोनदा रिप्लेसमेंट, एकदा मूळ संचात. मधूनमधून पोटासाठी डबिंग. आता एका रोजच्या मालिकेत इन्स्पेक्टरची भूमिका आलीय. वर्षभर तरी चालेल म्हणतात. बायको म्हणते, घराचे हप्ते आहेत, डोळे मिटून घे. ज्यांच्याकडे शिकलो ते सर म्हणतात, मालिकेत गेलास की नट म्हणून संपलास, आवाजही जाईल. परवा एका मित्राने टपरीवर सगळ्यांदेखत ऐकवलं, तुझं म्हणजे एक ना धड, भाराभर चिंध्या. त्या रात्रीपासून झोप नाही. सोमवारी कळवायचंय. काय करू?"

तू मला मावशी म्हटलंस, म्हणून तू-तुम्हीचा घोळ घालत नाही.

मी नटी नव्हे. तीसेक वर्षं विंगेत काढली. प्रॉम्प्टिंग केलं, प्रॉपर्टीच्या, म्हणजे प्रयोगात लागणाऱ्या वस्तूंच्या, ट्रंका भरल्या, दौऱ्यावर बसमध्ये सगळ्या संचाच्या खोकल्याची औषधं सांभाळली. समोर बसलेल्याला नटाचा चेहरा दिसतो. आम्हाला एक्झिट घेतल्यावर तो काय करतो ते दिसतं. माझा अधिकार तेवढाच.

मित्राचं वाक्य आधी घेऊ, कारण तुझी झोप त्यानेच उडवलीय. आता ही बाई गोधडीचा दाखला देणार, चिंध्या जोडल्या की ऊब मिळते वगैरे, असं तुला वाटलं असेल. देत नाही. मला गोधडी शिवता येत नाही, आणि बेचाळिसाव्या वर्षी तुला असल्या समजुतीने झोप लागणारही नाही. त्यापेक्षा एका माणसाची हकीकत सांगते. त्याच्याकडे चिंध्या तुझ्याहून जास्त होत्या.

२००३ च्या हिवाळ्यात मी थोरलीच्या बाळंतपणाला न्यू जर्सीत होते. बाहेर बर्फ, आत हीटर. नात मांडीवर झोपली की उठायची सोय नाही आणि रिमोट नेमका टीपॉयच्या पलीकडच्या टोकाला. केबलवर दुपारभर एकाच मालिकेचे जुने भाग लागत, 'लॉ अँड ऑर्डर'. अर्धा भाग पोलिसांचा, अर्धा वकिलांचा. बोलणं मला निम्मंच कळे, पण सुरुवात पाठ झाली होती. रस्त्यात, बागेत, जिन्यात कुणाला तरी प्रेत सापडतं. एक उंच, थोडा पोक काढून चालणारा, डोळ्यांखाली पिशव्या आलेला डिटेक्टिव्ह ओव्हरकोटात येतो. प्रेताकडे बघतो. एक कोरडं वाक्य टाकतो. लगेच टायटल्स.

त्या वाक्याकडे मी रोज कान लावून बसायचे. वाक्याआधी तो किंचित थांबे. वाक्य झालं की मात्र अजिबात रेंगाळत नसे, निघालाच. कॅमेऱ्यापुढे उभं राहून हे येत नाही रे. हजार माणसांचा हशा अंगावर घेतलेला माणूसच असा थांबतो, आणि हशा येईल म्हणून जो वाट बघत बसत नाही त्याने तो बऱ्याचदा घेतलेला असतो. मी जावयाला म्हटलं, हा गृहस्थ नाटकातला आहे. जावई म्हणाला, नाही हो आई, हा पोलीसच. मी इथे आल्यापासून पोलीसच बघतोय ह्याला.

तर हा 'पोलीसच' म्हणजे जेरी ऑर्बाक. जन्म १९३५, न्यूयॉर्कच्या ब्राँक्समधला. वडील रेस्टॉरंट सांभाळत, त्याआधी व्हॉडव्हिलमध्ये, म्हणजे गाणी-नाच-नकलांच्या खेळात, काम केलेले. आई रेडिओवर गायलेली. घर सारखं गावं बदलत राहिलं, शाळा संपली ती इलिनॉयमधल्या वॉकीगनला. कॉलेज अर्धवट टाकून १९५५ मध्ये तो न्यूयॉर्कला आला आणि त्याला पहिलं मोठं काम मिळालं ते, ऐक, रिप्लेसमेंटचं. ग्रीनिच व्हिलेजमधल्या एका छोट्या थिएटरात 'थ्रीपेनी ऑपेरा' चालू होतं. पुलंनी आपल्याकडे ज्याचा 'तीन पैशाचा तमाशा' केला, तेच मूळ. त्यात तो आधी बारीकसारीक कामं करत, दुसऱ्यांच्या भूमिका पाठ करून विंगेत तयार उभा असायचा. होता होता मुख्य गुंडाच्या भूमिकेपर्यंत पोहोचला. तू दोनदा रिप्लेसमेंट केलीस हे पत्रात ज्या सुरात लिहिलंयस, तो सूर मला आवडला नाही. चालू गाडीत चढणाऱ्याला दोन तालमी मिळतात आणि समोरचा नट जुन्या माणसाच्या सवयीने बोलत असतो. किती जणांना जमतं ते मी मोजलंय. फार नाहीत.

३ मे १९६०. सुलिव्हन स्ट्रीटवरचं दीडशे खुर्च्यांचं थिएटर. नाटक 'द फँटॅस्टिक्स'. ऑर्बाक चोविशीत. भूमिका एल गायोची: तोच सूत्रधार, तोच भाडोत्री डाकू, आणि पहिलं गाणंही त्याच्याच गळ्यातून. आपल्याकडच्या लोकांना ही सूत्रधाराची जात वेगळी समजावून सांगायला नको. प्रेक्षकाशी बोलता बोलता पात्रात शिरायचं, पात्रातून मान वळवून पुन्हा प्रेक्षकाशी बोलायचं. पहिली परीक्षणं अशीतशीच आली. निर्मात्याने तरी नाटक धरून ठेवलं, आणि ते जानेवारी २००२ पर्यंत चाललं. १७,१६२ प्रयोग! आपला गडी मात्र वर्षाच्या आत बाहेर पडून ब्रॉडवेवर, म्हणजे न्यूयॉर्कच्या मोठ्या व्यावसायिक रंगभूमीवर, 'कार्निव्हल' करायला गेला. तिथे काय, तर लंगडा, कडवट कळसूत्री बाहुल्यावाला. स्वतःच्या तोंडाने प्रेमाचं बोलता येत नाही म्हणून बाहुल्यांच्या तोंडून बोलणारा.

मग काही वर्षं पातळ गेली. जुन्या गाजलेल्या संगीतिका पुन्हा उभ्या करत, त्यांत दुसऱ्यांनी गाजवून ठेवलेल्या भूमिका. १९६८ ला 'प्रॉमिसेस, प्रॉमिसेस' आलं. आपल्या फ्लॅटची किल्ली साहेबलोकांना त्यांच्या भानगडींसाठी देणारा, बढतीवर डोळा ठेवून असलेला साधा कारकून. १९६९ चा टोनी, म्हणजे ब्रॉडवेचा सगळ्यात मानाचा पुरस्कार, त्याला ह्या कारकुनासाठी मिळाला. १९७५ मध्ये 'शिकागो' पहिल्यांदा रंगमंचावर आलं तेव्हा बिली फ्लिन हा गुळगुळीत, पैसेखाऊ वकील त्यानेच उभा केला. पुढच्या वर्षी ह्या नाटकाला टोनीची अकरा नामांकनं होती आणि हातात एकही पडला नाही, बहुतेक सगळं 'अ कोरस लाइन'ने नेलं. तरी ९३६ प्रयोग झाले.

डाकू, बाहुल्यावाला, कारकून, वकील. तुझा मित्र तेव्हा न्यूयॉर्कला असता तर चहा पिता पिता त्याने ऑर्बाकलाही ऐकवलं असतं.

आता एक रात्र जरा सावकाश सांगते, कारण त्यात मला माझं खातं दिसतं. २५ ऑगस्ट १९८०, विंटर गार्डन थिएटर, 'फॉर्टी-सेकंड स्ट्रीट'चा पहिला प्रयोग. ऑर्बाक त्यात एका नाटकाच्या दिग्दर्शकाची भूमिका करत होता. नाटक बसवणारा खरा दिग्दर्शक गोवर चँपियन, तोच 'कार्निव्हल'वाला. प्रयोग तुफान झाला. टाळ्या थांबेनात, सगळा संच ओळीने उभा राहून पुन्हा पुन्हा वाकतोय, आणि निर्माता डेव्हिड मेरिक रंगमंचावर आला. दुःखद बातमी आहे, असं काहीतरी म्हणाला. एवढ्या यशाच्या रात्री निर्माता तसं म्हणतो म्हटल्यावर लोकांना ती थट्टा वाटली, काही हसले. मग त्याने सांगितलं, गोवर चँपियन आज वारले. संचाला हे ठाऊक नव्हतं. उघड्या रंगमंचावर, झगमगीत कपड्यांत, दिव्याखाली उभ्या असलेल्या पोरापोरींना ते प्रेक्षकांबरोबरच कळलं. कॅमेरे समोर. नायिका कोसळली. आणि ऑर्बाकने विंगेकडे तोंड करून पडदा पाडायला सांगितलं.

पडदा पाडायला सांगणं हे नटाचं काम नाही. ते आमचं. पण त्या क्षणी विंगेतल्या माणसाचाही हात गोठला असणार, हे मी शपथेवर सांगते. नाटकात दिग्दर्शक झालेला माणूस दोन मिनिटं खरा दिग्दर्शक झाला, कारण कुणीतरी व्हायला हवं होतं. अष्टपैलू म्हणतात ते मला तिथे दिसतं. आवाज बदलणं, चाल बदलणं, मिश्या लावणं हे त्याच्या फार खालचं.

'फॉर्टी-सेकंड स्ट्रीट' पुढे ३,४८६ प्रयोग चाललं, ऑर्बाक त्यातली काही वर्षं होता. त्यानंतर ब्रॉडवेवर त्याचं नवं नाटक आलं नाही. हे वाक्य अधोरेखित करून ठेव. त्याच्याकडे परत यायचंय.

१९८१ मध्ये दिग्दर्शक सिडनी ल्युमेटच्या 'प्रिन्स ऑफ द सिटी' ह्या सिनेमात त्याने न्यूयॉर्कचा पोलीस केला. टीव्हीवर 'मर्डर, शी रोट'मध्ये पाहुणा म्हणून केलेला खाजगी डिटेक्टिव्ह लोकांना आवडला, म्हणून १९८७ ला त्या पात्राची स्वतंत्र मालिका काढली. ती एका हंगामातच गुंडाळली. त्याच वर्षी 'डर्टी डान्सिंग' ह्या सिनेमात तो नायिकेचा डॉक्टर बाप होता. १९९१ ला 'ब्यूटी अँड द बीस्ट' ह्या कार्टूनपटातली ती फ्रेंच हेल काढून गाणारी मेणबत्ती, तो आवाज ह्याचाच. माझ्या नातीने तो सिनेमा निदान शंभरदा पाहिलाय, आणि मेणबत्तीवाले आजोबा म्हणजेच ओव्हरकोटवाले आजोबा हे तिला अजून पटत नाही. तर डबिंगची लाज नको. हा टोनी मिळालेला माणूस मेणबत्ती झाला होता.

आता मालिका. इथे तुझे सर येतात.

'लॉ अँड ऑर्डर' १९९० ला सुरू झाली. ऑर्बाकच्या आधी त्या जागी पॉल सॉर्व्हिनो होता, तोही उत्तम नट आणि ऑपेरा गाणारा. न्यूयॉर्कच्या थंडीत रात्री-बेरात्री रस्त्यावरचं शूटिंग त्याच्या आवाजाला मानवेना. गाण्यासाठी गळा राखायचा म्हणून त्याने मालिका सोडली. रिकाम्या झालेल्या जागेवर १९९२ च्या नोव्हेंबरात आला कोण? ब्रॉडवेवर आयुष्यभर गायलेला माणूस! वय ५७. पुन्हा रिप्लेसमेंटच म्हण ना. गंमत म्हणजे वर्षभर आधी तो ह्याच मालिकेत एका भागापुरता बचावाचा वकील होऊन गेला होता.

तेव्हा तुझ्या सरांचं म्हणणं खोटं नाही, सॉर्व्हिनो त्याला साक्षीदार आहे. पण तो सर्वांचा कायदा नाही. सॉर्व्हिनोला ऑपेरा गायचा होता, त्याच्यासाठी गळा ही ठेव होती. ऑर्बाकने गळा बाजूला ठेवला आणि गळ्याने शिकवलेलं सगळं आत नेलं: कुठे श्वास घ्यायचा, शब्द कुठे सोडायचा, शेवटची मात्रा कशी खायची. त्याने केलेला लेनी ब्रिस्को हा दारू सोडलेला, दोनदा घटस्फोट झालेला, पोरींशी धड न जमलेला पोलीस. त्याच्यात बिली फ्लिनचा चावटपणा आहे, कारकुनाचं ओशाळेपण आहे, बाहुल्यावाल्याचं कडू आहे. तो गात नाही एवढंच. बारा हंगाम तो तसाच आला आणि लोक त्याला कंटाळले नाहीत.

आणखी एक गोष्ट सरांना सांग, भांडायला म्हणून नव्हे. ती मालिका न्यूयॉर्कातच, तिथल्या रस्त्यांवर चित्रित व्हायची, आणि साक्षीदार, खुनी, दारवान, शेजारीण असल्या कामांना तिथलेच नाटकवाले लागायचे. ब्रॉडवेच्या माहितीपत्रिकेत नटांच्या परिचयात ह्या मालिकेचं नाव इतकं सर्रास असे की तो तिथे एक विनोदच होऊन बसला. नाटकाच्या दोन नोकऱ्यांच्या मधलं घरभाडं तिने भरलं. आपल्याकडेही शनिवार-रविवारचं बुकिंग कुणाच्या चेहऱ्यावर उघडतं, ते सरांनी प्लॅनसमोर उभं राहून बघावं.

हे झालं सरांना उत्तर. आता तुझ्या बाजूने फार खूश होऊ नकोस.

ऑर्बाकला बारा हंगामांत पावणेतीनशेच्या घरात भाग झाले. हंगामाला बावीस-चोवीस भाग, एका भागाला आठवडाभराहून जास्त शूटिंग. तुझी मालिका रोजची. आठवड्याला सहा भाग. वर्ष पुरं केलंस तर तुझ्या मालिकेचे तीनशे होतील. त्याच्या बारा वर्षांचं काम तुझ्याकडून एका वर्षात उरकून घेतील, आणि संवाद सकाळी सेटवर हातात पडतील, तेही कधीकधी मेकअपच्या खुर्चीत. मी हे तुला घाबरवायला सांगत नाही, पण 'मी ब्रिस्को करतोय' अशी स्वतःची समजूत घालून जाऊ नकोस. सहा महिन्यांत इन्स्पेक्टर साहेबांना कुणाच्या तरी लग्नात नाचायला लावतील.

आणि ते अधोरेखित वाक्य. मालिका सुरू झाल्यावर टोनी मिळवलेल्या माणसाला नव्या नाटकासाठी आठवड्याला आठ प्रयोगांचा वेळ काही सापडला नाही. त्याने ते आनंदाने स्वीकारलं असेल किंवा मनात ठेवलं असेल, तुझ्या कामाचं एवढंच की ते झालं. सर म्हणतात तसं मालिका तुला वाईट नट करेल ह्याची मला भीती नाही. ती तुझ्या तारखा खाईल ह्याची आहे. नट बिघडतो तो फार सावकाश, तारखा पहिल्या महिन्यातच जातात.

इथे माझी एक चूक सांगते. २००० च्या सुमारास एका नटाने मला ग्रीनरूममध्ये हाच प्रश्न विचारला होता. मिश्या उतरवत होता, स्पिरिटचा वास अजून नाकात आहे. मी तेव्हा तुझ्या सरांसारखीच होते. म्हटलं, नाटक सोडून जाऊ नकोस. त्याने मालिकेला नाही कळवलं. नाटक चाळिसाव्या प्रयोगाला बंद पडलं. पुढचं नाटक आलंच नाही. आता तो सोसायटीच्या गणपतीत निवेदन करतो, फार सुंदर करतो. भेटला की अजून वाकून नमस्कार करतो आणि मी दुसरीकडे बघते. तेव्हापासून 'कला की पैसा' असा प्रश्न कुणी विचारला की मी आधी हप्ता किती ते विचारते.

तर हप्ता किती? पत्रात लिहिलं नाहीस. बायकोला माहीत असणार, ती रोज मोजते.

सोमवारी फोन करायचाच आहे तर हो म्हणायला कर, पण त्याआधी चार गोष्टी कागदावर घे, तोंडी नको. महिन्याला किमान किती दिवस देणार, आणि कमी बोलावलं तरी तेवढ्यांचे पैसे मिळणार का. पैसे किती दिवसांनी, कारण नव्वद दिवस म्हणाले तर पहिले तीन महिने घर कशावर चालवणार ते आज ठरवायला हवं. दुसरं काही करायचं नाही असं कलम आहे का. आणि चौथी सगळ्यात महत्त्वाची: महिन्यातले निदान दोन रविवार आणि त्यांच्या आदल्या रात्री नाटकासाठी मोकळ्या. "ॲडजस्ट करू" असं उत्तर आलं तर तो नकार आहे असं धर. तू नवखा नाहीस. पोलिसाच्या वर्दीत शोभणारा, गाता गळा असलेला बेचाळिशीचा माणूस त्यांनाही रोज सापडत नाही, तेव्हा मागताना कचरू नकोस.

ते रविवार मिळाले की त्यात एकच नाटक ठेव. मी म्हणेन संगीत. प्रायोगिकचे मित्र तुला दोन वर्षांनीही परत घेतील, राक्षस तर कधीही होता येतं. पण गळ्याला प्रयोग लागतो, नुसता रियाज पुरत नाही. डबिंग पूर्ण बंद. दिवसभर सेटवर ओरडून रात्री स्टुडिओत पुन्हा ओरडशील तर सरांचं भाकीत तूच खरं करशील.

बायकोबद्दल एक. ऑर्बाकची दुसरी बायको एलेन नर्तकी होती, 'शिकागो'त दोघांची भेट झाली. भल्या पहाटे शूटिंगला निघताना तो तिच्या कॉफीच्या कपापाशी चार ओळींची कविता ठेवून जायचा. तो गेल्यावर त्यांचं पुस्तक निघालं. तुझ्याकडून मी कवितेची अपेक्षा करत नाही. पण सकाळी सातची शिफ्ट म्हणजे पोरांचा डबा, दूध, शाळेची रिक्षा हे सगळं तिच्या एकटीवर पडणार. "डोळे मिटून घे" म्हणताना तिने हे धरलंय का, ते बसून विचार.

राहिलं ते 'मी नक्की कसला नट'. ऑर्बाकला १९९४ मध्ये कर्करोगाचं निदान झालं. फारसा गाजावाजा न करता त्यानंतर दहा वर्षं तो काम करत राहिला आणि २८ डिसेंबर २००४ ला गेला. डोळे दान केले होते, न्यूयॉर्कमधल्या दोघांना त्यांचा उपयोग झाला. २००७ मध्ये आठव्या अव्हेन्यूच्या कोपऱ्यावर ५३ व्या रस्त्याच्या तुकड्याला त्याचं नाव दिलं, आणि ५० व्या रस्त्यावरच्या एका छोट्या थिएटरलाही. २००९ ला मी पुन्हा लेकीकडे गेले तेव्हा हट्टाने त्या थिएटरात गेले. तिथे चालू होतं 'द फँटॅस्टिक्स'च, पुन्हा नव्याने उभं केलेलं. नेपथ्य जवळजवळ नाही. एक मुका नट हातात काठी आडवी धरून उभा राहतो, ती भिंत. पुठ्ठ्याचा एक गोल, तो चंद्र. मूठभर कागदाचे कपटे उधळले की पाऊस. प्रॉपर्टीवालीला स्वर्गच. दोन तास तो मुलगा काठी धरून इतका निर्विकार उभा होता की मला त्याच्या खांद्याची काळजी लागली.

सुरू व्हायच्या आधी मागच्या रांगेतल्या बाई नवऱ्याला विचारत होत्या, थिएटरला त्या टीव्हीवरच्या पोलिसाचं नाव कशाला दिलंय? नवरा म्हणाला, तो इथे मूळ नाटकात होता म्हणे. पोलीस म्हणून? नसेल बहुतेक. मग दिवे गेले आणि सूत्रधार पुढे येऊन गाऊ लागला, तेव्हा त्या बाई एकदम गप्प झाल्या.

तुझा मित्र जे म्हणाला ते तो आज म्हणाला. त्याला अजून दहा वर्षांनी विचार, तोपर्यंत त्याच्याकडेही एखादं काम असू दे.

कागद हातात आला की मला फोटो पाठव, कलमं मी वाचून देईन. चष्मा लागतो, पण बारीक अक्षर अजून सुटत नाही. आणि पहिला भाग कधी लागणार ते कळव. आमच्याकडे रात्री आठनंतर रिमोट सूनबाईंकडे असतो, त्या दिवसापुरता मागून घेईन.